पडद्यावरची आपली माणसं

स्मारिकेत इतिहास म्हटला की राजे, लेणी आणि पुढारी येतात. आम्ही सूतगिरणीत पाळी करणारी माणसं. आमच्या आजोबांचा एक फोटोही घरात नाही. म्हणून माहितीपट ही गोष्ट आम्हाला मोलाची वाटते. पिक्चरमध्ये नट गरिबाचं काम करतो, माहितीपटात गरीब माणूस स्वतः येऊन स्वतःच्या बोलीत बोलतो.

लांब कशाला जायचं? आपलं खापर ज्या अक्कलकुवा तालुक्यात आहे, त्याच तालुक्यातलं मणिबेली घ्या. सरदार सरोवरात महाराष्ट्राची ३३ गावं सापडली, त्यात पहिली पाळी मणिबेलीवर आली. या लढ्यावर आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी १९९५ साली 'नर्मदा डायरी' काढली. तेव्हा नंदुरबार जिल्हा झाला नव्हता, आपण धुळ्यात होतो. नर्मदाकाठचे आदिवासी बांधव त्यात आपलं म्हणणं आपणच मांडतात. जुनी घरं, शेतं पाण्याखाली गेली. तो काठ फिल्ममध्ये राहिला.

पण फोटो काढणारा आपला भला करतोच असं नाही. पटवर्धनांच्याच 'हमारा शहर' (१९८५) मध्ये मुंबईतल्या झोपडपट्ट्या पाडल्याची हकीकत आहे. त्यात एक बाई कॅमेरावाल्यांनाच झापते, की गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावता. त्यांनी तो भाग कापला नाही. आम्हाला बाई पटली, आणि न कापणाराही पटला.

त्याच फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गायले. गळा असा की ऐकणारा जागीच थांबावा. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले. राखीव पोलिसांनी गोळीबार केला, १० जण गेले. चार दिवसांनी, १५ जुलैला, घोगरेंनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. डाव्या चळवळीत आयुष्य घातलेला हा माणूस, पण जाताना कपाळाला निळी पट्टी बांधली. त्याचा अर्थ आम्ही कित्येकदा चर्चेत काढला, अजून एकमत नाही.

पटवर्धनांनी मग 'जय भीम कॉम्रेड' हाती घेतली. ती पुरी व्हायला १४ वर्षं लागली, २०११ उजाडलं. तीन तासांहून मोठी फिल्म. तिच्यात घोगरे पुन्हा गातात आणि रमाबाई नगरातली माणसं, ज्यांच्या घरातलं कुणी गेलं ती, समोर बसून बोलतात. पेपरात ती फक्त आकडा होती.

यंदा वर्षावासात आम्ही वस्तीतल्या पोरांना मोबाईल घेऊन म्हाताऱ्यांपुढे बसवलं. पहिल्याच आजीनं विचारलं, "हे घेऊन तुम्ही करणार काय, बाबांनो? आणि मला काय मिळणार?" पोरं गडबडली, पुसू का म्हणाली. आम्ही म्हटलं, राहू द्या.