कडबा आणि कोळसा

देवणी हे एका गावाचे नाव आहे, ही गोष्ट मराठी वाचकास पुष्कळदा उशिरा कळते; तत्पूर्वी ते नाव त्याने बैलाचे म्हणून ऐकलेले असते. मांजरेच्या खोऱ्यात, कानडी व तेलुगू मुलखांच्या शिवेला भिडलेल्या या भागात गीर, डांगी आणि स्थानिक गोवंश यांच्या दीर्घकालीन संकरातून जे जनावर सिद्ध झाले, त्यास या गावाचेच नाव मिळाले. आणि अंग पांढरे पण तोंडाच्या बाजू काळ्या असा तो वानेरा, पांढऱ्या अंगाच्या खालच्या बाजूस काळे ठिपके असलेला तो बालंक्या व सर्वांगावर काळे ठिपके विखुरलेला तो शेवरा, अशी त्याची वर्गवारी येथील शेतकऱ्याने जवाहिऱ्याच्या बारकाईने लावून ठेवली.

राज्यव्यवस्थेच्या दृष्टीने पाहिले, तर हा मुलूख सदैव कोणत्या ना कोणत्या दफ्तराच्या कडेला पडलेला. दिवाण सालारजंगांनी १८६५ मध्ये निजामाच्या राज्यात जिल्हाबंदी केली, तेव्हापासून पुढे देवणी ज्यात येई तो उदगीर तालुका बिदर जिल्ह्यात मोडत असे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत तो उस्मानाबादेस जोडला गेला आणि १९८२ मध्ये लातूर जिल्हा निराळा झाला, तेव्हा लातुरास. अंमल बदलले, जमाबंदीची भाषा बदलली. परंतु यातील बहुतेक काळ मुलखाचा गाडा ज्या शक्तीने ओढला ती शक्ती एकच होती, आणि तिचे इंधन होते ज्वारीचा कडबा.

हा शब्दालंकार नव्हे. पावसाळ्यानंतर काळ्या रानात उभ्या राहिलेल्या ज्वारीने त्या वर्षीच्या सूर्यप्रकाशातून आणि हवेतील कर्बवायूतून ताट उभे करावे, कणीस माणसाने व ताट बैलाने खावे, त्या बळावर नांगर, वखर, तिफण, मोट, घाणा व गाडी चालावी, आणि बैलाच्या श्वासातून व शेणातून तो कर्ब पुनश्च हवेत वा मातीत परतावा, असा हा व्यवहार होता. एका सालाची उचल पुढच्या सालाच्या आत फेडली जाई व खात्यावर बाकी राहत नसे. येळवशीला, म्हणजे मार्गशीर्षातील अमावास्येला, रानात कडब्याच्या पेंढ्यांची कोप उभारून तिच्यात लक्ष्मी मांडण्याची या भागातील चाल मला या कारणाने फार अर्थपूर्ण वाटते. अर्थात रवंथ करणाऱ्या जनावराच्या पोटातून मिथेन नावाचा जो वायू निघतो तो उष्णता कोंडण्यात कर्बवायूहून पुष्कळ जहाल आहे, आणि गोवऱ्यांच्या धुराने कित्येक पिढ्यांच्या बायकांचे डोळे गेले, हेही बैलाचे स्तोत्र गाणाऱ्याने विसरू नये.

दुसऱ्या इंधनाचा शोध फार दूर लागला नाही. देवणीच्या भुईखाली कोळसा नाही. तेथे ज्वालामुखीच्या लाव्ह्याचा काळा पाषाण आहे. पण हीच मांजरा पुढे कंदकुर्तीजवळ गोदावरीस मिळते, आणि ती गोदावरी ज्या खोऱ्यातून पूर्वेस वाहत जाते त्यात पंचवीस कोटी वर्षांहून जुन्या अरण्यांचा कोळसा गाडलेला आहे. १८७१ मध्ये डॉ. किंग या भूगर्भशास्त्रज्ञास येल्लंदूजवळ तो आढळला. १८८६ मध्ये हैदराबाद दख्खन कंपनीस खाणकामाचे हक्क मिळाले, आणि १८८९ पासून सिंगरेणीचा कोळसा निजामाच्या आगगाड्यांच्या भट्ट्यांत पडू लागला. ज्या दौलतीत देवणीचा शेतकरी महसूल भरीत होता, तिच्याच पूर्व टोकाला हे दुसरे खाते उघडले गेले. या खात्यात मात्र उचल तेवढी होती, फेड नव्हती.

खेड्यांत भुईखालचे नवे इंधन प्रथम शिरले ते रॉकेलच्या डब्यातून. देव्हाऱ्यातील समई करडईच्या तेलावर राहिली, कंदील तेवढा रॉकेलवर गेला. ‘रॉकेल’ हे ‘रॉक ऑइल’चे, म्हणजे दगडाच्या तेलाचे, आपण पचवलेले रूप, ‘पेट्रोलियम’ या लॅटिन शब्दाचा अर्थही तोच. करडई जिला ठाऊक, त्या बाईला दगडातून निघालेले तेल केवढे नवल वाटले असेल!

त्यामागून आगगाडी आली. बार्शी लाइट रेल्वेची अडीच फूट रुंदीची गाडी १८९७ मध्ये बार्शीस सुरू झाली, १९११ मध्ये लातुरास पोचली, आणि १९२७ मध्ये दुसऱ्या टोकाला मिरजेशी जोडली गेली. लातूर तेव्हा त्या मार्गाचे अखेरचे स्थानक. इंजिन तेथे येऊन थांबे, कोळशाची राख झाडी, पोटभर पाणी पिई आणि व्यापाऱ्यांचा माल घेऊन परते. स्थानकापर्यंत तो माल आणून देण्याचे काम अर्थातच बैलाकडे होते. आरंभीच्या काळात वाफेने बैलाचे काम घटवले नाही, वाढवले.

येथे एका योगायोगाची नोंद करावीशी वाटते. स्वीडनच्या स्वान्ते आऱ्हेनियस यांनी हवेतील कर्बवायू दुप्पट झाल्यास पृथ्वी किती तापेल याचे गणित प्रसिद्ध केले ते १८९६ मध्ये, आणि त्याच वर्षी पाऊस फसून दख्खनेत घोर दुष्काळ पडला. या दोहोंचा कार्यकारणसंबंध मुळीच नाही. दुर्गादेवीचा दुष्काळ चौदाव्या शतकाच्या अखेरीचा, म्हणजे कोळशाच्या कितीतरी आधीचा. मराठवाड्याची अवर्षणे धुराने जन्मास घातली असे म्हणणारा इतिहासाशी प्रतारणा करतो. जुन्या व्याधीच्या अंगात ताप वाढवल्यावर तिचे काय होते, एवढाच खरा प्रश्न आहे.

बैलाची सद्दी संपली ती विहिरीच्या काठावर. साताऱ्याच्या कूपर कारखान्याने आणि १९४६ मध्ये स्थापन झालेल्या पुण्याच्या किर्लोस्कर ऑइल इंजिन्सने डिझेलचे इंजिन शेतकऱ्याच्या आवाक्यात आणले, आणि मोट थांबली. धावेवरून उतरताना मानेवर ओझे घेणारा व चढताना पाठमोरा मागे सरणारा तो बैल ज्याने दिवसभर हाकला आहे, त्याच्यापुढे मोटेची गाणी आळवून हळहळण्याचा अधिकार आपणांस नाही. १९७१ मध्ये परळीस औष्णिक वीजकेंद्राचे पहिले संच चालू झाले, आणि जळता कोळसा तारेतून विहिरीवर येऊ लागला. पुढे ट्रॅक्टर आला. पण माझ्या मते बैलाला दावणीवरून खरे उठवले ते सोयाबीनने. गेल्या तीन-चार दशकांत या पिकाने लातूर जिल्ह्यात ज्वारीची जागा बळकावली, आणि सोयाबीनच्या भुसकटाला कडब्याची सर नाही. बैलाचे काम ट्रॅक्टरने घेतले, अन्न सोयाबीनने घेतले. मग तो राहणार कशावर?

एक लिटर डिझेलचे वजन किलोहून कमीच भरते, पण जळताना ते हवेतील प्राणवायूशी संयोग पावून सुमारे २.७ किलो कर्बवायू सोडते. यंत्रयुगापूर्वी हवेच्या दहा लाख भागांत या वायूचे सुमारे २८० भाग होते. आज ते ४२० च्या वर गेले आहेत. या वाढीत देवणीच्या इंजिनांचा वाटा हिशेबात धरावा एवढाही नाही. वातावरणाच्या कचेरीत मात्र ज्याची उचल त्याच्याच नावे वसुली, असा नियम नाही. तापलेली हवा अधिक बाष्प धरते, म्हणून पाऊस पडतो तो एकाच दमात पडतो व मधले खंड लांबतात. २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये गारपिटीने मराठवाड्यातील उभी रब्बी झोडपली. तत्पूर्वी २०१३ च्या आरंभी परळीचे केंद्रच पाण्यावाचून बंद ठेवावे लागले होते, कारण कोळसा कितीही असला तरी वाफेला पाणी लागते.

२०१६ च्या उन्हाळ्यात मांजरेवरचे धनेगावचे धरण आटले. १२ एप्रिलच्या पहाटे मिरजेहून पाण्याच्या दहा वाघिणी घेऊन पहिली गाडी लातुरास आली. तिच्यात सुमारे पाच लाख लिटर पाणी होते. रूळ आता रुंद झाले होते, पण मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर हा मार्ग बार्शी लाइटचाच होता, आणि ज्या गावी येऊन इंजिन पाणी पिई त्या गावासाठी इंजिनच पाणी घेऊन आले होते.