आठ भेटींत मन बरे होते का?

माझ्या वर्गातील एका मुलीच्या आईने गेल्या वर्षी मला विचारले, "आठ दफा बात करके गम जाता क्या सर?" नवरा अचानक गेल्यापासून त्यांची झोप उडाली होती. दर्गा झाला, तावीज झाले, झोपेच्या गोळ्याही झाल्या. शेवटी सरकारी दवाखान्यातील समुपदेशक बाईंनी आठवड्याला एक अशा आठ भेटी सांगितल्या. दर भेटीला अर्ध्या दिवसाची मजुरी बुडणार, एस.टी.चे भाडे वेगळे. एवढे घालवून जे मिळेल ते टिकणार का, हा त्यांचा साधा हिशेब होता. मी उर्दू आणि मराठी शिकवतो. मानसशास्त्राशी माझी ओळख बी.एड.च्या अभ्यासक्रमापुरती. "जाऊन तर पाहा," एवढेच म्हणालो. मग मात्र तो प्रश्न माझ्याच मागे लागला आणि मी वाचू लागलो.

मनावरील उपचारांचा इतिहास सांगताना बहुतेक जण व्हिएन्नापासून सुरुवात करतात. मी त्याआधी हजार वर्षे मागे, बल्खला जातो. अबू जैद अल-बल्खी (सुमारे ८५० ते ९३४) हे तत्त्वज्ञ अल-किंदी यांचे शागिर्द. भूगोलाच्या इतिहासात त्यांचे नाव नकाशांसाठी येते. पण त्यांचा एक ग्रंथ आहे, 'मसालिह अल-अब्दान वल-अन्फुस', म्हणजे शरीरांचे आणि मनांचे हित. त्याचे हस्तलिखित इस्तंबूलच्या अयासोफिया संग्रहात होते. १९८४ साली फुआत सेझगिन यांनी त्याची छायाप्रत प्रसिद्ध केली आणि मनाविषयीच्या भागाचे इंग्रजी भाषांतर सुदानचे मानसशास्त्रज्ञ मलिक बद्री यांनी २०१३ साली आणले.

बल्खींची तक्रार आजही ओळखीची वाटेल. तबीब शरीर पाहतात, नफ्सकडे बघतच नाहीत, असे ते म्हणतात. शरीराचे काही आजार एखाद्याला जन्मभर होणारही नाहीत, पण मनाच्या त्रासातून कोणीच सुटत नाही. हे त्रास त्यांनी चार प्रकारांत मांडले: राग, भीती, दुःख आणि वस्वसा. दुःखाचेही दोन प्रकार. एकाचे कारण माणसाला माहीत असते, जसे जवळच्या माणसाचा मृत्यू. दुसऱ्याचे कारण सापडत नाही. त्याचा संबंध ते रक्ताशी, म्हणजे शरीराशी जोडतात आणि त्यावर शरीराच्या अंगाने उपाय सुचवतात. मनावरचा इलाज दोन बाजूंनी होतो, असे त्यांचे म्हणणे. बाहेरून दुसऱ्याने बोलावे, समजावावे. आतून माणसाने स्वतः काही विचार जोपासावेत. इथे त्यांनी दिलेला दाखला मला फार आवडला. शहाणा माणूस घरात वेळेला लागणारी औषधे आधीच ठेवतो. तसेच मन शांत असताना चांगले विचार गोळा करून ठेवावेत, म्हणजे रागाच्या किंवा भीतीच्या वेळी हाताशी येतात.

आता व्हॉट्सअ‍ॅपवर फिरते तसे "मानसोपचाराचा शोध मुसलमानांनी लावला" असे मी म्हणणार नाही. बल्खींनी किती रुग्ण बरे झाले, वर्षभराने त्यांचे काय झाले, हे मोजलेले नाही. त्या काळी तसे कोणी मोजतही नव्हते. पण टिकण्याची जबाबदारी त्यांनी कुठे ठेवली ते पाहण्यासारखे आहे. बोलणारा हितचिंतक उठून गेल्यावर माणसाजवळ काय उरते, यावर त्यांची भिस्त आहे.

आता व्हिएन्ना. मनोविश्लेषण म्हणजे वर्षानुवर्षे कोचावर पडून राहणे, अशी आपली समजूत असते, आणि ती फारशी चुकीची नाही. पण फ्रॉइड यांनी केलेले काही उपचार अगदी थोडक्यात आटोपलेले होते. ब्रुनो वॉल्टर हा व्हिएन्नाच्या ऑपेरातील तरुण संगीत-संचालक. १९०६च्या सुमारास त्याचा उजवा हात दुखून जवळजवळ निकामी झाला. वाद्यवृंद चालवणाऱ्याचा उजवा हात गेला म्हणजे रोजीच गेली. तो फ्रॉइडकडे गेला. आता आपले बालपण उकरून काढणार, असे त्याला वाटले होते. फ्रॉइडने हात तपासला आणि त्याला थेट सिसिलीला फिरायला पाठवले! परत आल्यावरही हात तसाच. मग फ्रॉइडने सांगितले, आता उभा राहा आणि वाद्यवृंद चालव. मध्येच थांबावे लागले तर जबाबदारी माझी. अशा मोजक्या भेटी झाल्या, बस्स. वॉल्टर नंतर अर्धशतक वाद्यवृंद चालवत राहिला. १९६२ साली तो वारला.

ही गोष्ट फ्रॉइडची करामत म्हणून सांगितली जाते. वॉल्टरच्या आत्मचरित्रात मात्र पुढचा भाग आहे. हात एका दिवसात सुटला नाही. तो कार्यक्रम करत राहिला, हाताची हालचाल जमेल तशी बदलत राहिला, आणि त्याच काळात त्याने फॉइश्टर्सलेबेन या ऑस्ट्रियन डॉक्टरचे १८३८चे एक पुस्तक मन लावून वाचले. त्याच्या नावाचा अर्थ 'मनाचे पथ्य'. बल्खी लगेच आठवले.

उलट टोकाचे उदाहरणही फ्रॉइडकडचेच. सर्गेई पांकेयेफ हा रशियन जमीनदाराचा मुलगा १९१० ते १९१४ अशी चार वर्षे त्यांच्याकडे येत होता. उपचार संपेना, तेव्हा फ्रॉइडने शेवटची तारीखच ठरवून टाकली. रुग्ण बरा झाला, असे लिहिलेही. पण महायुद्धानंतर तो पुन्हा आला, १९२६ साली दुसऱ्या विश्लेषकाकडे जावे लागले, आणि १९७९ साली मरेपर्यंत कोणा ना कोणा उपचारकाशी त्याचा संबंध राहिलाच. १९४६ साली शिकागोच्या अलेक्झांडर आणि फ्रेंच यांनी उपचार लांबला म्हणजे खोल गेला हे गृहीतकच नाकारले. त्यावरून बराच वाद झाला, तो इथे सोडून देतो.

वाद बाजूला ठेवून मोजायला सुरुवात झाली ती मुख्यतः फिलाडेल्फियाच्या अ‍ॅरन बेक यांच्यापासून. त्यांनी साठच्या दशकात नैराश्यातील विचार पकडून तपासण्याची पद्धत बांधली. हा आठवड्यांत मोजला जाणारा उपचार होता, आणि रुग्णाला घरचा अभ्यास दिला जाई. (शिक्षक म्हणून माझे कान इथे टवकारले.) २००५ साली बेक यांच्या पद्धतीवरचा एक अभ्यास छापून आला. सोळा आठवड्यांच्या उपचाराने सुधारलेल्या रुग्णांवर पुढे वर्षभर लक्ष ठेवले. गोळ्या बंद केलेल्यांपैकी ७६ टक्के पुन्हा नैराश्यात गेले. बोलण्याचा उपचार थांबवलेल्यांपैकी ३१ टक्के. गोळ्या चालू ठेवणाऱ्यांत हे प्रमाण ४७ टक्के होते. हे वाचून कोणी आपल्या मनाने गोळ्या बंद करू नयेत. तो निर्णय डॉक्टरचा. पण बोलणे संपल्यावरही त्यातले काही मागे राहते, हे इथे मोजून दिसले.

फिलाडेल्फियाचे आकडे आमच्या मोहल्ल्याला लागू होतात का, ही शंका रास्तच. जवळचे उदाहरण गोव्याचे आहे. तिथल्या दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी तीव्र नैराश्याच्या ४९५ रुग्णांवर प्रयोग केला. सहा ते आठ भेटी, आणि त्या घेणारे स्थानिक लोक. त्यांच्याकडे मानसोपचाराची पदवी नव्हती, प्रशिक्षण दिलेले होते. तीन महिन्यांनी या भेटी मिळालेल्यांपैकी ६४ टक्के नैराश्यातून बाहेर आले होते, नेहमीचे उपचार मिळालेल्यांपैकी ३९ टक्के. वर्षानंतर हे आकडे ६३ आणि ४८ होते. म्हणजे सुधारणा टिकली; इतर रुग्ण मात्र हळूहळू जवळ आले.

रावळपिंडीच्या खेड्यांतला अनुभव यापेक्षा कडू आहे. अतिफ रहमान यांनी आरोग्यसेविकांना प्रशिक्षण देऊन नैराश्यातल्या गरोदर आणि बाळंतिणींसाठी सोळा भेटींचा उपक्रम राबवला. २००८ साली निष्कर्ष आले. बाळ वर्षाचे झाले तेव्हा या आयांपैकी २७ टक्के नैराश्यात होत्या, इतरांपैकी ५९ टक्के. पण मुले सात वर्षांची झाल्यावर पुन्हा तपासणी केली, तेव्हा दोन्ही गटांतल्या मुलांच्या वाढीत फरक उरलेला नव्हता. हे वाचून मी थोडा वेळ पुस्तक मिटून बसलो. भेटींनी आईला वर्षभर सावरले. घरातली तंगी, नवऱ्याचे वागणे, शाळेचे अंतर हे मात्र त्या भेटींच्या हातात नव्हते.

त्या बाई आठपैकी सहा भेटींना गेल्या. दोन वेळा मजुरी सोडणे जमले नाही. समुपदेशक बाईंनी सांगितले होते, रात्री जो विचार वारंवार येतो तो सकाळी लिहून काढा. त्यांना लिहिता येत नाही, म्हणून मुलगी लिहायची, उर्दूत, शाळेच्या वहीच्या मागच्या पानांवर. निकालाच्या दिवशी त्या शाळेत आल्या. मी काही विचारले नाही. त्यांनीच सांगितले की गम आहे, पण आता रात्री तीनला जाग आली तर त्या मुलीला उठवत नाहीत. काय लिहायचे ते मनातच जुळवून ठेवतात आणि पुन्हा पडतात. कधी झोप लागते, कधी नाही. मग नव्या वर्षासाठी जास्त पानांची वही घेऊ का, असे त्यांनी मला विचारले.