नाव बदललेली माणसे : नाशिकच्या शरणपुरातील आफ्रिकन

आमच्या जुन्या नाशकात लहानपणी एखादे पोर जरा जास्तच काळे असले की घरातल्या बायका त्याला 'हबशी' म्हणत. रागाने नव्हे, लाडाने. पण त्या लाडात त्या पोराला एक पायरी खाली उतरवणे असायचेच. मशिदीत हजरत बिलाल यांचे नाव आदराने ऐकायचे आणि घरी आल्यावर काळ्या पोराला हबशी म्हणून चिडवायचे, यात काही विसंगती आहे असे कुणाला वाटत नसे. मलाही वाटले नाही. ती जाणवली बऱ्याच उशिरा, शरणपूरचा इतिहास वाचताना.

शरणपूर रोड नाशिककरांना सांगायला नको. आज तो भर शहरातला गजबजलेला रस्ता आहे. मात्र ज्या शरणपुरावरून त्याला हे नाव पडले, ते एकोणिसाव्या शतकात गावाबाहेरचे छोटेसे खेडे होते. चर्च मिशनरी सोसायटीचे विल्यम सॉल्टर प्राइस यांनी १८५४ साली ते वसवले. ख्रिस्ती झाल्यामुळे घरादाराला आणि जातीला मुकलेल्या माणसांना आसरा मिळावा, म्हणून शरणपूर. चर्च, शाळा, कारखाना, शेती असा तो पसारा होता. १८६० च्या सुमारास तिथे आणखी एक प्रकारचे शरणार्थी येऊ लागले. पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळ गुलामांची गलबते ब्रिटिश आरमार पकडत असे. त्यातून सुटलेली मुले मुंबईला उतरवली जात आणि त्यातली बरीच शरणपूरच्या आश्रमात पाठवली जात. त्यांची देखरेख कार्ल विल्हेल्म इझेनबर्ग या जर्मन मिशनऱ्याकडेही होती. हे गृहस्थ पूर्वी अ‍ॅबिसिनियात, म्हणजे आपल्या भाषेत हबश देशातच, काम करून आलेले होते.

या मुलांना इंग्रजी कागदपत्रांत 'नासिक बॉइज' म्हणतात. आफ्रिकेच्या इतिहासात ती प्रसिद्ध आहेत. नाशिकच्या इतिहासात त्यांचे नाव क्वचितच निघते. मोगलांच्या काळी या शहराला गुलशनाबाद म्हणत, हे आम्ही अभिमानाने सांगतो, पण या मुलांबद्दल आम्हाला कुणी काही सांगितले नव्हते.

ही मुले कोणत्या जगातून आली होती, हे आधी पाहायला हवे. आफ्रिकेला इतिहास नव्हता, गोरा माणूस गेला आणि इतिहास सुरू झाला, असे आमच्या शाळेत कुणी उघड म्हणत नसे, पण शिकवले मात्र तसेच जाई. इसवी सन ६१५ मध्ये मक्केत छळ सोसणाऱ्या पहिल्या मुसलमानांना आसरा दिला तो हबशच्या ख्रिस्ती राजाने, नजाशीने. त्याच्या अक्सूम राज्याची नाणी त्याआधी काही शतके चालत होती. इब्न बतूता १३३१ च्या सुमारास मोगादिशू, मोंबासा, किल्वा ही बंदरे पाहून आला. प्रवाळी दगडांच्या मशिदी, सोन्याचा व्यापार, स्वतःची स्वाहिली भाषा असलेली ही शहरे होती. पुढे दहाएक वर्षांनी हाच प्रवासी आपल्या दौलताबाद-नंदुरबारकडून गेला. म्हणजे किल्वा आणि खानदेश एकाच माणसाच्या पायाखाली येण्याइतके जवळ होते. समुद्रमार्गे कापड, मणी, हस्तिदंत यांची ये-जा होती. त्याच मार्गाने माणसेही विकली जात.

अशा विकल्या गेलेल्यांपैकी सर्वांना ठाऊक असलेला माणूस म्हणजे मलिक अंबर. साधारण १५४८ साली इथिओपियात जन्मलेल्या या मुलाचे नाव होते चापू. तो मोखाच्या बाजारात गेला, बगदादला गेला. तिथे मीर कासिम नावाच्या मालकाने त्याला शिकवले आणि अंबर हे नाव दिले. दख्खनमध्ये त्याला विकत घेतले निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने. हा चंगीझखान स्वतः हबशी आणि एकेकाळचा गुलाम होता! म्हणजे गुलाम वजीर होतो आणि दुसरा गुलाम विकत घेतो, अशी ती व्यवस्था होती. १६०० साली अहमदनगर मोगलांच्या हाती गेल्यावर अंबरने निजामशाहीचा वारस गादीवर बसवून पुढची पंचवीस वर्षे मोगलांना दख्खनमध्ये स्वस्थ बसू दिले नाही. १६१० साली त्याने खडकी वसवली. हीच पुढची औरंगाबाद, आणि २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर. तिथल्या नहर-ए-अंबरीने आणि जमीन महसुलाच्या पद्धतीने त्याचे नाव टिकवले. जहांगीर आपल्या आत्मचरित्रात त्याचा उल्लेख शिवी हासडल्याशिवाय करीत नाही. भाल्यावर टांगलेल्या अंबरच्या मुंडक्याला बाण मारणारा जहांगीर, असे चित्रही त्याने काढून घेतले. प्रत्यक्षात ते मुंडके त्याला कधीच मिळाले नाही. १६२६ मध्ये अंबर वार्धक्याने गेला आणि खुलदाबादला दफन झाला.

मलिक अंबरचे उदाहरण आपण मुसलमान फार आवडीने देतो. आपल्याकडे गुलामसुद्धा वजीर होतो, असे त्यातून सुचवायचे असते. त्यात तथ्य आहे, ते नाकारायचे कारण नाही. अमेरिकेच्या ऊसमळ्यांवरच्या गुलामाला ही वाट कधीच मोकळी नव्हती. पण एका अंबरमागे किती चापू मोखाच्या वाटेवर मेले, हे आपण विचारत नाही. शरणपूरच्या मुलांची कहाणी म्हणूनच मला अंबरपेक्षा जास्त अस्वस्थ करते. तिच्यात वजिरी नाही आणि अपराधी ओळखीचे आहेत.

एकोणिसाव्या शतकात हा व्यापार पूर्वीसारखा राहिला नव्हता. ओमानचा सुलतान सय्यद सईद याने १८४० च्या सुमारास आपली राजधानी मस्कतहून झांझिबारला नेली. तिथे लवंगेचे मळे उभे राहिले आणि मळ्यांना मजूर हवे झाले. टिपू टिपसारखे स्वाहिली-अरब व्यापारी बंदुका घेऊन आतल्या मुलुखात शिरले. न्यासा सरोवराभोवतालच्या प्रदेशातून माणसांचे तांडे साखळदंडांत किनाऱ्याकडे निघू लागले. शरणपूरला आलेली बरीच मुले याओ जमातीची होती. गंमत म्हणावी की दैवदुर्विलास, याओ सरदार स्वतःच या व्यापारातले मोठे दलाल होते. पुढे किनाऱ्याशी आलेल्या संबंधातून याओ समाज मोठ्या प्रमाणात मुसलमान झाला, आजही मलावीतले बहुसंख्य याओ मुसलमान आहेत. म्हणजे घरी राहिलेल्यांची मुले मुसलमान झाली आणि विकली गेलेली मुले नाशिकला येऊन ख्रिस्ती झाली.

या व्यापाराला भांडवल कुणाचे होते? झांझिबारच्या जकातीचा मक्ता जयराम शिवजी या कच्छी भाटिया पेढीकडे अनेक वर्षे होता. भाटिया, खोजा, बोहरा सावकारांच्या उधारीवर तांडे निघत. गुलाम मुक्त करणे हे मोठे पुण्य मानणारा आपला धर्म, आणि गलबताच्या तळाशी मुले कोंबणारे नाखवे आपल्याच धर्माचे. हिंदुस्थानातल्या सर्व जातीधर्मांचे हात यात होते असे म्हणून मोकळे होता येते, पण आपला हात आपणच दाखवलेला बरा. फक्त युरोपच्या पापांची यादी करून आपला हिशेब पुरा होत नाही.

शरणपुरात मुलांना लिहिणे-वाचणे, सुतारकाम, लोहारकाम शिकवले गेले. बाप्तिस्मा झाला आणि नवी नावे मिळाली. जेकब वेनराइट, मॅथ्यू वेलिंग्टन, कॅरस फॅरार, विल्यम जोन्स, इश्माएल सेम्लर. मॅथ्यू वेलिंग्टनचे मूळ नाव चेंग्विंबे होते एवढे तरी नोंदले गेले आहे. मालकाने चापूचा अंबर केला होता आणि मुक्तिदात्याने चेंग्विंबेचा वेलिंग्टन. दोन्ही वेळी मुलाला कुणी विचारले नव्हते.

१८६५ साली डॉ. डेव्हिड लिव्हिंग्स्टन आपल्या शेवटच्या मोहिमेच्या तयारीसाठी मुंबई इलाख्यात आला असता नाशिकला येऊन गेला आणि शरणपुरातली नऊ मुले सोबत घेतली. जानेवारी १८६६ मध्ये ती मुंबईहून निघाली. ज्या वाटेने साखळदंडात आली होती त्याच मुलखात आता ती साहेबाचे सामान घेऊन परत जात होती. काही पळाली, काही मेली. एडवर्ड गार्डनर आणि मब्रुकी शेवटपर्यंत टिकले. पुढे १८७२ मध्ये मदत म्हणून पाठवलेल्या तुकडीत आणखी सहा नाशिककर होते, त्यांत जेकब वेनराइट आणि मॅथ्यू वेलिंग्टन.

१ मे १८७३ रोजी आजच्या झांबियातील चितांबोच्या गावी लिव्हिंग्स्टन वारला. सोबतीला एकही गोरा माणूस नव्हता. ओझेकऱ्यांनी शव तिथेच पुरून घरची वाट धरली असती तर त्यांना कुणी दोष दिला नसता. सुसी आणि चुमा यांच्या नेतृत्वाखाली त्यांनी वेगळा निर्णय घेतला. चुमा हाही सोडवलेला याओ मुलगा, तो मुंबईत डॉ. विल्सन यांच्या शाळेत शिकलेला. त्यांनी काळीज झाडाखाली पुरले, देह मीठ लावून उन्हात वाळवला आणि हजार मैलांहून अधिक वाट तुडवत नऊ महिन्यांनी तो बागामोयोच्या किनाऱ्यावर आणला. काळीज पुरताना दफनाची प्रार्थना वाचली नाशिकच्या जेकब वेनराइटने, कारण त्याला नीट वाचता येत होते. झाडाच्या खोडावर नाव आणि तारीख कोरली तीही त्यानेच. त्याने रोजनिशीही लिहिली. तो शवासोबत इंग्लंडला गेला आणि १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये खांदेकऱ्यांत उभा राहिला. तिथल्या शिळेवर विश्वासू हातांचा उल्लेख आहे, त्या हातांची नावे नाहीत. वेनराइट पुढे आफ्रिकेत परतला आणि १८९२ साली आजच्या टांझानियातील उरांबो इथे वारला.

लिव्हिंग्स्टनची गोष्ट प्रसिद्ध आहे, म्हणून नाशिकची मुले तिच्यात सापडतात. मला जास्त महत्त्वाची वाटते ती त्यानंतरची गोष्ट. जोन्स आणि सेम्लर १८६४ मध्येच मोंबासाजवळच्या राबाईला गेले होते. १८७३ मध्ये मुंबईचे माजी गव्हर्नर सर बार्टल फ्रियर झांझिबारला गेले. त्याच वर्षी सुलतान बरगशला गुलामांचा बाजार बंद करणारा करार करावा लागला. फ्रियर यांच्याच शिफारशीवरून मोंबासासमोर मुक्त गुलामांची वसाहत काढायचे ठरले. ती वसवायला गेले शरणपूरचेच प्राइस, आणि १८७५ च्या सुमारास शरणपूरच्या आफ्रिकनांपैकी बहुतेक तिकडे हलले. वसाहतीचे नाव फ्रियर टाउन. तिथे त्यांना 'बॉम्बे आफ्रिकन' म्हणत. शिक्षक, दुभाषे, कारागीर, धर्मप्रचारक अशी सगळी कामे त्यांच्याकडे आली.

पण मायदेशी आले म्हणजे घरी आले असे झाले नाही. स्थानिकांना ते परके, इंग्रजी चालीचे वाटत. गोऱ्या मिशनऱ्यांना ते फार ताठ वाटत. पगार, हुद्दा, वागणूक यांवरून खटके उडू लागले. शरणपूरने त्यांना वाचायला शिकवले होते, आणि जे वाचले ते त्यांनी खरे धरले होते. १८८५ मध्ये बिशप हॅनिंग्टन युगांडाच्या वाटेवर मारला गेला, तेव्हा उरलेला तांडा सुखरूप राबाईला परत आणला तो विल्यम जोन्सने. त्याच वर्षी त्याला आणि सेम्लरला डीकन केले होते. पूर्ण पाद्री व्हायला मात्र १८९५ साल उजाडले. दहा वर्षे!

आणि फ्रियर? गुलामांना मुक्त करणारे हेच सर बार्टल फ्रियर पुढे दक्षिण आफ्रिकेत हाय कमिशनर झाले आणि १८७९ मध्ये त्यांनीच झुलूंवर युद्ध लादले. यात विरोधाभास वाटतो, पण एकाच धोरणाच्या या दोन बाजू आहेत. गुलामांचा व्यापार मोडण्याच्या निमित्ताने आरमार किनाऱ्यावर आले, मागून कंपनी आली. १८८४-८५ च्या बर्लिन परिषदेत एकाही आफ्रिकनाला न बोलावता खंडाच्या वाटणीचे नियम ठरले. १८९५ मध्ये केनियाच्या मुलखावर ब्रिटिश अंमल जाहीर झाला. साखळदंड काढून घेणाऱ्यांनीच जमीन घेतली. केनियाच्या किनाऱ्यावर गुलामगिरी कायद्याने पूर्ण बंद व्हायला १९०७ साल लागले.

फ्रियर टाउनमधल्या मुक्त गुलामांची पुढची पिढी शाळामास्तरांची आणि कारकुनांची होती. त्यांच्यापैकी जेम्स म्बोटेला यांनी १९३४ मध्ये 'उहुरू वा वातुम्वा', म्हणजे 'गुलामांचे स्वातंत्र्य', हे पुस्तक स्वाहिलीत लिहिले. 'उहुरू' हा मूळचा अरबी 'हुर'पासून आलेला शब्द आपल्याला परका नाही. म्बोटेलांच्या पुस्तकात त्याचा अर्थ साखळदंडातून सुटका एवढाच होता. पंधरा-वीस वर्षांत तोच शब्द रस्त्यावरची घोषणा झाला आणि त्याचा अर्थ झाला इंग्रजांपासून सुटका. १९५७ मध्ये घाना, १९६० या एकाच वर्षात सतरा देश आणि १२ डिसेंबर १९६३ रोजी केनिया.

मोंबासात फ्रियर टाउनची घंटा अजून आहे. गुलाम पकडणारे येताना दिसले की ती वाजवून लोकांना सावध करीत, असे सांगतात. त्या भागाला आजही केंगेलेनी, म्हणजे 'घंटेपाशी', म्हणतात. नाशिकहून गेलेला मॅथ्यू वेलिंग्टन मोंबासातच राहिला. लिव्हिंग्स्टनच्या देहासोबत चाललेला शेवटचा माणूस म्हणून म्हातारपणी लोक त्याला भेटायला येत. १९३५ साली तो वारला, तेव्हा कागदोपत्री तो वेलिंग्टनच होता.