जात्यावरची ओवी कुणी लिहून ठेवली?



गटाची बैठक सुरू झाली की आपण आधी हजेरी घेतो. नाव पुकारलं की बाई "हजर" म्हणते, सही करते नाहीतर अंगठा उठवते. बचत पन्नास रुपयांची असली तरी ती कुणाची, हे नावानिशी वहीत चढतं. आज मी जिच्याबद्दल बोलणार आहे, तिच्या वहीत मात्र शेकडो वर्षं बायांची नावंच नव्हती. ती म्हणजे आपली जात्यावरची ओवी.

मी बी. ए. ला मराठी घेतलं होतं. सुट्टीत घरी आले की आजी विचारायची, "काय शिकवतात गं तुला?" मी म्हणायची, "ओवी शिकवतात, ज्ञानेश्वरीतली." आजी हसून म्हणायची, "ओवी शिकायला कॉलेजात कशाला जावं लागतं?" मला वाटायचं, आजीला काय कळतंय! तिला किती ओव्या येत होत्या ते मी कधी मोजलं नाही. एकही लिहून घेतली नाही. ती गेली तेव्हा माझ्याकडे मोबाईल होता. त्यात सिनेमाची गाणी भरपूर होती, आजीचा आवाज नव्हता.

पुढे वाचत गेले तेव्हा समजलं की आजीचंच बरोबर होतं. ज्ञानेश्वरी लिहिली गेली शके १२१२ मध्ये, म्हणजे इसवी सन १२९० मध्ये. त्याच्याही साधारण एकशे साठ वर्षं आधी कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याने 'मानसोल्लास' नावाचा मोठा संस्कृत ग्रंथ रचला. हे कल्याणी म्हणजे आजच्या कर्नाटकातलं बसवकल्याण. त्या ग्रंथात गाण्याबजावण्याची माहिती देताना राजाने नोंद केली आहे की महाराष्ट्रात बाया कांडण करताना ओवी गातात. म्हणजे ज्ञानोबांच्या आधी ओवी बायांच्या तोंडी होती. अभ्यासक मानतात की गाण्याची ओवी आधीची, आणि ग्रंथातली ओवी तिच्यातूनच घडली. संत जनाबाईंचंही बघा. विठ्ठल जनीला दळू लागतो, ही गोष्ट घरोघर सांगतात. आपल्या भक्तीत जातं असं मधोमध बसलेलं आहे.

आता जात्याचं फार कौतुकही नको. पहाटे उठून दोन-दोन पायल्या दळायचं, हात भरून यायचे, तळव्याला घट्टे पडायचे. गावात गिरणी आली आणि बायांचे हात सुटले, हे चांगलंच झालं. पण त्या अंधाऱ्या वेळी घरातले पुरुष झोपलेले असायचे. खुंट्याला हात लावून दोघी समोरासमोर बसल्या की दिवसा जे बोलता यायचं नाही ते ओवीत यायचं. माहेर, भाऊ, लेकीचं सासर, सवत, सीतेचा वनवास, पंढरीचा विठ्ठल, सगळं त्यात होतं. एकीने ओवी म्हणायची, दुसरीने उचलायची, आपली चार अक्षरं घालायची. त्यामुळे ओवी एकीची राहत नसे, सगळ्यांची होई. गिरणी आली तसं ते बसणं थांबलं आणि गाणंही थांबायला लागलं.

मग हे लिहून कुणी ठेवलं? साने गुरुजींनी १९४० च्या सुमारास बायांच्या ओव्या गोळा करून 'स्त्रीजीवन' या नावाने छापल्या. त्यानंतर मोठं काम केलं डॉ. सरोजिनी बाबर यांनी. त्या सांगली जिल्ह्यातल्या बागणीच्या. आमदार झाल्या, राज्यसभेवर गेल्या, पण लोकगीतं आणि लोककथांचं काम सोडलं नाही. राज्याच्या लोकसाहित्य समितीमार्फत त्यांनी कितीतरी संग्रह काढले. शांताबाई शेळक्यांबरोबर दूरदर्शनवर त्यांचा 'रानजाई' कार्यक्रम असायचा, तो काही जणींना आठवत असेल.

त्याच काळात दिल्लीत मोठ्या संस्था उभ्या राहत होत्या. १९५३ मध्ये संगीत नाटक अकादमी सुरू झाली, १९५४ मध्ये साहित्य अकादमी आणि ललित कला अकादमी. देशाचं साहित्य आणि कला जपायची, हा त्यांचा हेतू. साहित्य अकादमीने १९६८ मध्ये इरावती कर्वे यांना 'युगान्त'साठी आणि १९७१ मध्ये दुर्गा भागवत यांना 'पैस'साठी पुरस्कार दिला. आपल्याला त्याचा अभिमानच आहे. पण हा पुरस्कार पुस्तकाला मिळतो. जिचं पुस्तकच नाही, जिला सहीसुद्धा येत नाही, तिची ओवी कुठे मांडायची? जुन्या संग्रहांत ओवी असायची, पण गाणारीचं नाव बहुतेक नसायचंच. 'लोकगीत' म्हटलं की झालं.

हे बदललं ते पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पोइतवँ यांच्या कामातून. गी मूळचे फ्रान्सचे, पुण्यात आले आणि इथलेच झाले. १९८० च्या दशकात दोघं पुणे जिल्ह्याच्या डोंगरी भागात गरीब बायांबरोबर काम करत होते. बायांशी बोलता बोलता त्यांच्या लक्षात आलं की या बाया आपलं मन ओवीत मांडतात. मग गावोगावी ओव्या लिहून घ्यायला सुरुवात झाली. पुढे १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल हे संगीताचे अभ्यासक आले आणि बायांच्या आवाजातल्या ओव्या रेकॉर्ड झाल्या. हजारावर गावं, तीन हजारांहून जास्त बाया आणि एक लाखाच्या वर ओव्या! बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या भीमनगरात बायांनी बाबासाहेबांवर गायलेल्या ओव्याही त्यात आहेत. म्हणजे ओवी देवापाशीच थांबली नव्हती, बदलत्या काळाबरोबर चालत होती.

या कामात ओवीपुढे गाणारीचं नाव आणि गाव लिहिलं गेलं, ही मला सगळ्यात मोठी गोष्ट वाटते. गी २००४ मध्ये वारले, हेमाताईही आता नाहीत. पण २०१७ पासून 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहाने या ओव्या इंटरनेटवर सगळ्यांसाठी खुल्या केल्या. मोबाईलवर फुकट ऐकता येतात. पारीची माणसं पुन्हा गावांत गेली, गाणाऱ्यांना भेटली, कित्येकींचे फोटोही त्यांनी लावले.

आता आपलं काम. आपल्या गटांत सत्तरीच्या पुढच्या बाया आहेत. त्यांच्यानंतर जात्यावर बसलेली बाई सापडायची नाही. म्हणून पुढच्या बैठकीत व्यवहार आटपला की अर्धा तास ठेवा. एखाद्या आजीला म्हणायला सांगा आणि मोबाईलवर रेकॉर्ड करा. गटात एक वेगळी वही घाला. तिच्यात आजीचं पूर्ण नाव, वय, माहेर, सासर, ओवी कुणाकडून शिकली, आणि तारीख लिहा. आधी तिला विचारा. एखादी ओवी तिच्या घरातल्या दुखण्याची असेल आणि ती नको म्हणाली, तर व्हॉट्सॲपवर पाठवू नका. रेकॉर्डिंग दोघींच्या मोबाईलमध्ये ठेवा, एक बिघडला तर दुसरा असतो. अडलेल्या शब्दाचा अर्थ तिलाच विचारा, कारण तो पुस्तकात सापडेलच असं नाही.

माझ्या आजीचं नाव कुठल्याच वहीत नाही, आणि ते आता मला भरून काढता येणार नाही. तुमची आजी अजून ओट्यावर बसलेली असेल. आज संध्याकाळीच तिच्याजवळ जाऊन बसा.