समरी आणि फिर्यादी

१ जून २०१७ रोजी पुणतांब्याच्या शेतकऱ्यांनी संप पुकारला आणि सरकारला त्यांचे ऐकावे लागले. एकजूट झालेल्या गावाचे ऐकले जाते. पण गावकुसाबाहेरच्या एकट्या फिर्यादीचे?

महाराष्ट्रात तपास बंद करताना पोलीस न्यायालयाकडे ‘समरी’ मागतात. ‘अ’ म्हणजे गुन्हा खरा, पण छडा नाही. ‘ब’ म्हणजे फिर्यादच खोटी. ‘क’ म्हणजे गैरसमजाची. मार खाल्लेला माणूस ‘ब’ या एका अक्षराने खोटारडा ठरतो.

१९७३ च्या फौजदारी संहितेने फिर्यादीला कळवण्याचे काम पोलिसांवर सोपवले. पण तपास बंद करण्यापूर्वी न्यायालयाने त्याला नोटीस देऊन ऐकलेच पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली भगवंतसिंग खटल्यात ठरवले.

तरी एक दार उघडेच राहिले. १९९५ नंतर युती सरकारने मराठवाड्यातले अ‍ॅट्रॉसिटीचे खटले मागे घेतले, तेव्हा फिर्यादीला विचारण्याची अट कायद्यात नव्हती. अ‍ॅट्रॉसिटी कायद्यात पीडिताचा ऐकले जाण्याचा हक्क २०१६ मध्ये लागू झाला. खटला मागे घेण्यापूर्वी पीडिताला ऐकण्याची सर्वसाधारण अट १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत आली.

हक्क आला, पण नोटीस दारी येते तेव्हा फिर्यादी ऊसतोडीला गेलेला असला तर? मुदत टळते आणि त्याचे मौन संमती समजले जाते. म्हणून मी विद्यार्थ्यांना सांगतो, वस्तीत आलेला न्यायालयाचा प्रत्येक कागद त्याच दिवशी वाचून दाखवा आणि समरीविरुद्धचा अर्ज लिहायला शिका. आपल्या शिक्षणाचा पहिला उपयोग हाच आहे.