दुभाष्या कोणाला मिळतो? – मोरोक्कोतील भाषांची कहाणी



आपल्या देवगिरीच्या किल्ल्याचे वर्णन करून ठेवणाऱ्या परदेशी प्रवाशांत इब्न बतूता याचे नाव आपणांपैकी पुष्कळांनी शाळेत ऐकले असेल. हा गृहस्थ मोरोक्को देशातील टँजियर बंदरी १३०४ साली जन्मला आणि फिरत फिरत दिल्लीस महंमद तुघलकाच्या दरबारी येऊन पोचला. सुलतानाने त्याला दिल्लीच्या काझीची जागा देऊ केली. तेव्हा त्याने दोन अडचणी सांगितल्या. एक, आपण मालिकी पंथाचे आणि येथील लोक हनफी. दुसरी, आपल्याला येथील भाषा येत नाही. हे त्याच्याच प्रवासवृत्तात नमूद आहे. सुलतानाने तोड काढली. त्याने काझीच्या हाताखाली दोन मदतनीस दिले, आणि काझीसाहेबांची सालीना बारा हजार दिनारांची नेमणूक सुरू झाली! दाद मागणाऱ्याची भाषा न्याय देणाऱ्याला येत नव्हती. पण त्यामुळे न्याय देणाऱ्याचे काही अडले नाही.

मी कामगार चळवळीतला माणूस आहे. कॉलेजची पायरी मी चढलो नाही. इंग्रजी शिकलो ते कराराचे मसुदे आणि शब्दकोश शेजारी शेजारी ठेवून. त्यामुळे कोठेही भाषेची चर्चा निघाली की मला आधी एकच प्रश्न सुचतो. येथे दुभाष्या कोणाला मिळतो, आणि दुसऱ्याची भाषा शिकण्याचे कष्ट कोणाच्या वाट्याला येतात? हा प्रश्न हाती धरून इब्न बतूताच्याच देशाची भाषिक कहाणी आज आपल्यापुढे ठेवण्याचा विचार आहे.

मोरोक्को हा आफ्रिका खंडाच्या वायव्य कोपऱ्यातील देश. उत्तरेस भूमध्य समुद्र, पश्चिमेस अटलांटिक महासागर, मध्ये ॲटलास पर्वताच्या रांगा, आणि दक्षिणेस वाळवंट. उत्तर टोकाशी उभे राहिले तर अवघ्या चौदा किलोमीटरांच्या समुद्रापलीकडे स्पेनचा किनारा आहे. अशा चव्हाट्यावरच्या देशात एकच भाषा नांदेल हे संभवतच नाही.

कासाब्लांका शहरातील एखादा किराणा दुकानदार डोळ्यांपुढे आणा. हा धंदा पुष्कळ अंशी दक्षिणेच्या सूस प्रांतातून आलेल्या लोकांच्या हाती आहे. गल्ल्यावर बसलेल्या पुतण्याशी तो तशलहीत बोलतो. ही तेथील मूळ अमाझीघ भाषांपैकी एक. गिऱ्हाइकाशी तो दारिजा, म्हणजे मोरोक्कोची बोली अरबी बोलतो. शुक्रवारी मशिदीतले प्रवचन ऐकतो ते ग्रांथिक अरबीत. ती भाषा कुराणाची आणि वर्तमानपत्रांची, पण कोणाच्याही घरात आई मुलाशी त्या भाषेत बोलत नाही. घाऊक व्यापाऱ्याचे बिल बहुधा फ्रेंचमध्ये असते. तोच दुकानदार उत्तरेत तेतुआनला असता तर कानावर स्पॅनिशही पडले असते. आपण मोठे भाषाकोविद आहोत असे या मनुष्याच्या स्वप्नातही नसते. दुकान चालवायचे म्हणजे हे आलेच, एवढेच त्याला ठाऊक.

२०२४ च्या शिरगणतीत या देशाची लोकसंख्या ३ कोटी ६८ लाख भरली. त्यांपैकी दर शंभरांत सुमारे ९२ माणसे दारिजा बोलतात आणि सुमारे २५ माणसे अमाझीघ भाषा बोलतात. बेरीज शंभराच्या वर जाते, ही हिशेबाची चूक नव्हे. एकाच मुखात दोन भाषा नांदत असल्याची ती खूण आहे. परंतु त्याच शिरगणतीत दहा वर्षांवरील लोकांपैकी सुमारे चौथा हिस्सा निरक्षर ठरला. म्हणजे दोन-दोन, तीन-तीन भाषांत व्यवहार करणारा माणूस सरकारदरबारी अडाणी ठरू शकतो. हे कसे घडले, हे पाहण्यासाठी थोडे मागे गेले पाहिजे.

या भूमीचे जुने रहिवासी अमाझीघ. जग त्यांना बर्बर म्हणते. पण ते नाव परक्यांनी दिलेले, आणि त्यात ‘रानटी’ असा वास आहे. उत्तरेच्या रीफ डोंगरात तरिफीत, मधल्या ॲटलासमध्ये तमाझिघ्त, आणि दक्षिणेस तशलहीत अशा त्यांच्या तीन मुख्य भाषा. सातव्या शतकाच्या अखेरीस अरब आले आणि त्यांच्याबरोबर इस्लाम आला. धर्माची, शहराची आणि लेखणीची भाषा अरबी झाली. परंतु अरबांनी तलवारीच्या जोरावर सर्वांची जीभ बदलली, असा सरधोपट समज कोणी करून घेऊ नये. अकराव्या शतकात अल्मोराविद आणि बाराव्या शतकात अल्मोहाद ही जी बलाढ्य घराणी झाली, ती अमाझीघच होती. अल्मोहादांचा प्रणेता इब्न तूमार्त याने डोंगरातल्या लोकांना धर्म सांगितला तो त्यांच्याच भाषेत. पुढे ११४७ साली अल्मोहादांनी मर्राकेश जिंकले, आणि याच अमाझीघ राजांनी शतकाच्या अखेरीस अरब टोळ्यांना अटलांटिककाठच्या मैदानात आणून वसवले. त्या टोळ्यांच्या शेजाराने मैदानातील शेतकऱ्यांची बोली हळूहळू अरबी होत गेली. १४९२ साली स्पेनमधून हाकलले गेलेले ज्यू आले. उत्तरेकडच्या शहरांत त्यांच्या स्पॅनिशमध्ये हिब्रू आणि अरबी मिसळून हकेतिया नावाची बोली तयार झाली. १६०९ ते १६१४ या काळात स्पेनने उरलेल्या मुसलमान वंशाच्या लोकांनाही घालवून दिले. त्यांतले कितीएक रबात, सले आणि तेतुआन येथे स्थायिक झाले.

या सर्व घडामोडींची नोंद दारिजा बोलीने आपल्या पोटात ठेवली आहे. किल्लीला ‘सारूत’ म्हणतात, तो शब्द अमाझीघ. आठवड्याला ‘सिमाना’ आणि स्वयंपाकघराला ‘कुझीना’, हे स्पॅनिश. सर्वांत मौजेची गोष्ट कारागिरांच्या शब्दांची. सुताराला अरबीत ‘नज्जार’. पण सुतारकामाला दारिजात म्हणतात ‘तनज्जारत’. पुढे ‘त’ आणि मागे ‘त’ लावण्याचा हा साचा अमाझीघ भाषेचा आहे. माणसाचे नाव अरबी, आणि त्याच्या हुन्नराचे नाव अमाझीघ साच्यात ओतलेले! पंडितांनी बसून हा शब्द बनवलेला नाही. एकाच कामावर राबणाऱ्या दोन भाषांच्या माणसांनी तो घडवला.

आता फ्रेंचांकडे येऊ. ३० मार्च १९१२ रोजी फेझच्या तहाने मोरोक्को फ्रान्सच्या ‘संरक्षणा’खाली गेला, उत्तरेची पट्टी आणि दक्षिणेचा भाग स्पेनकडे आला. कासाब्लांकाचे बंदर वाढले. १९२० साली फॉस्फेटचा सरकारी उद्योग स्थापन झाला आणि खुरिब्गाच्या खाणी सुरू झाल्या. आपला देश आजही मोरोक्कोचे फॉस्फेट आणि त्यापासून केलेले आम्ल विकत घेतो. आपल्या शेतकऱ्याच्या खताच्या गोणीशी त्या खाणींचा संबंध आहे, एवढे लक्षात ठेवावे. खेड्यातला माणूस बायकामुले गावी ठेवून कामावर आला आणि मालकाची भाषा कानाने शिकला. कारखान्याला तो ‘लुझीन’ म्हणू लागला. फ्रेंचमध्ये कामगारांना जो शब्द आहे, त्याचा उच्चार त्याच्या कानी ‘लेझुव्रिए’ असा पडे. त्यातून दारिजात ‘झुफ्री’ शब्द तयार झाला. त्याचा अर्थ काय झाला? सडाफटिंग, उनाड, असभ्य माणूस! घरदार सोडून, बराकीत दाटीवाटीने राहून ज्याने बंदर उभारले, त्याच्या धंद्याचे नावच शिवी होऊन बसले. एका शब्दात एका वर्गाचा इतिहास असा सापडतो.

राज्यकर्त्यांना लोकांच्या अनेक भाषा दिसल्या, त्या फूट पाडण्याचे साधन म्हणून. १६ मे १९३० रोजी एक फर्मान निघाले. त्याने अमाझीघ टोळ्यांचे दिवाणी तंटे इस्लामी न्यायालयांच्या कक्षेतून काढून रूढीच्या पंचायतींकडे, आणि फौजदारी गुन्हे फ्रेंच न्यायालयांकडे सोपवले. अरब आणि अमाझीघ यांना वेगळे पाडण्याचा हा डाव लोकांनी ओळखला. संकटकाळी म्हणावयाची सामुदायिक प्रार्थना सलेच्या मशिदीत सुरू झाली आणि शहरोशहरी पसरली. राष्ट्रीय चळवळीने तेथून जोर धरला. फर्मान फसले, पण त्याचे विष मागे राहिले. पुढे कित्येक वर्षे अमाझीघ भाषेचे नाव काढणारा मनुष्य फुटीर, फ्रेंचांचा हस्तक, अशा संशयाने पाहिला जाऊ लागला.

कामगारांची एकजूट मात्र भाषेच्या भिंती ओलांडत होती. १९३६ साली युरोपीय कामगारांना संघटनेचा हक्क मिळाला. १९३८ साली मोरोक्कन माणसाने युनियनमध्ये जाणे हाच गुन्हा ठरवण्यात आला. तरी दुसऱ्या महायुद्धानंतर ते हजारोंनी फ्रेंच युनियनमध्ये शिरले. ५ डिसेंबर १९५२ रोजी ट्युनिशियाचा कामगार पुढारी फरहात हशाद याचा खून झाला. शेजारच्या देशातल्या त्या माणसासाठी ७ आणि ८ डिसेंबरला कासाब्लांकातील झोपडवस्त्यांतून संप उसळला आणि गोळीबारात कित्येक बळी पडले. त्या वस्त्यांत सूसचे डोंगरी होते, मैदानातले अरबीभाषक होते. संप करताना त्यांना दुभाष्या लागला नाही. २० मार्च १९५५ रोजी मोरोक्कन कामगारांची स्वतःची मध्यवर्ती संघटना उभी राहिली, आणि मार्च १९५६ मध्ये फ्रेंच अंमल संपला.

स्वराज्य आले. आता तरी राबणाऱ्याची भाषा वर येईल, अशी अपेक्षा करणे चूक नव्हते. १९६२ च्या राज्यघटनेने अरबी ही राज्यभाषा केली. १९६५ च्या कायद्याने न्यायालयांचे कामकाज अरबीत आले. परक्यांची भाषा जाऊन स्वतःची आली, ही गोष्ट अभिमानाचीच होती. परंतु ती अरबी ग्रांथिक. डोंगरातली तशलहीत बोलणारी म्हातारी कोर्टात उभी राहिली, तर तिला काल फ्रेंच कळत नव्हते आणि आज ग्रांथिक अरबी कळत नव्हते. शाळांतून गणित आणि विज्ञानही अरबीत आले, आणि १९९० साली असे शिकलेली पहिली तुकडी शालान्त परीक्षेतून बाहेर पडली; परंतु विद्यापीठात वैद्यक, विज्ञान आणि इंजिनिअरिंग फ्रेंचमध्येच राहिले! ज्यांच्यापाशी पैसा होता, त्यांनी आपली मुले फ्रेंच शाळांत घातली. गरिबाचा मुलगा अरबीची बारा वर्षे करून विद्यापीठाच्या दाराशी आला, तो दार फ्रेंच भाषेत बंद होते. शेवटी २०१९ च्या कायद्याने शाळेत विज्ञान फ्रेंचमध्ये शिकवण्याची वाट पुन्हा मोकळी केली. धोरण असे फिरले, आणि प्रत्येक फेऱ्यात एक पिढी खर्ची पडली.

ज्याला घरी काम मिळेना, तो समुद्रापलीकडे गेला. उत्तर फ्रान्सच्या कोळशाच्या खाणींसाठी फेलिक्स मोरा नावाचा माजी लष्करी अधिकारी १९५० नंतरच्या दशकापासून पुढे वीस वर्षे सूस प्रांतात माणसे निवडत होता. सत्तर हजारांहून अधिक माणसे त्याने नेली. उघड्या अंगाने रांगेत उभे राहायचे. पसंत पडल्यास छातीवर हिरवा शिक्का, नापसंत झाल्यास लाल. तशलहीतशिवाय भाषा न येणारे तरुण जमिनीखाली फ्रेंच हुकूम ऐकू लागले. आरडाओरडा ऐकून धोका ओळखायचा, ही त्यांची भाषेची शाळा. आणि तरीही याच माणसांनी १९८० साली संप करून खाणकामगाराच्या हक्कांसाठी झगडा दिला, आणि खाणी बंद होऊ लागल्या तेव्हा १९८७ साली पुन्हा दिला. इब्न बतूताला दोन मदतनीस मिळाले. याला छातीवर शिक्का मिळाला.

आता कहाणीचा अलीकडचा भाग. १ मे १९९४, कामगारदिन. एर्-राशिदिया गावच्या मिरवणुकीत गुल्मीमाच्या एका सांस्कृतिक संस्थेची माणसे चालली होती. त्यांच्या हातांतील फलक तिफिनाघ या प्राचीन अमाझीघ लिपीत लिहिलेले, आणि मागणी आपल्या भाषेला मान्यता मिळावी ही. सात जणांना अटक झाली, तिघांना शिक्षा झाल्या. पण देशभर गवगवा झाला, आणि त्याच वर्षी २० ऑगस्टला खुद्द राजे दुसरे हसन यांनी या भाषा शाळेत शिकवण्याचे बोलून दाखवले. २००१ साली अमाझीघ संस्कृतीची शाही संस्था स्थापन झाली. २००३ साली तिफिनाघ लिपी मान्य होऊन शाळांतून शिक्षण सुरू झाले. आणि २०११ च्या राज्यघटनेने अमाझीघ ही अरबीच्या जोडीने राज्यभाषा झाली. ज्या अक्षरांसाठी माणसे तुरुंगात गेली, ती अक्षरे आज सरकारी कचेऱ्यांच्या पाट्यांवर आहेत. मे दिनाच्या मिरवणुकीतून एका भाषेला राज्यघटनेची वाट सापडावी, याचा माझ्यासारख्याला आनंद झाल्यास नवल नाही.

मात्र पाटी लागली म्हणजे काम झाले असे नव्हे, हे आपल्याला काय सांगावे? शिक्षक अपुरे आहेत. आणि बहुसंख्यांची जी दारिजा, तिला तर घटनेत नावानिशी राज्यभाषेचे स्थान नाहीच.

पुष्कळ भाषा हे देशाचे ओझे आहे, असे बोलणारे विद्वान आपण ऐकतो. मोरोक्कोचा इतिहास निराळे सांगतो. सामान्य माणसाने हे ओझे तेरा शतके सहज पेलले. दुकानात पेलले, सुतारशाळेत पेलले, संपात पेलले. अडचण आली ती कोर्टात, शाळेत आणि कारखान्याच्या कचेरीत. म्हणजे जेथे एकाच बाजूने शिकावे अशी अट होती, तेथे. गरिबाने आजवर सर्वांच्या भाषा शिकल्या. आता राज्याने, न्यायालयाने आणि मालकाने त्याच्या दोन भाषा शिकाव्यात, आणि शिकणे होत नसेल तर निदान दुभाष्याचा पगार आपल्या खिशातून द्यावा. सहाशे-सातशे वर्षांपूर्वी दिल्लीच्या काझीसाठी जी सोय झाली, ती आज कोर्टातल्या त्या म्हातारीसाठी व्हावी, एवढीच ही मागणी आहे.