विस्थापितांचा बखरकार

आपल्या स्मरणिकेत वंशावळी, देवस्थाने व कर्तबगार पुरुषांची चरित्रे दरवर्षी छापली जातात, व ते योग्यच आहे. तथापि ज्यांची घरे मोडली, ज्यांची गावे पाण्याखाली गेली, त्यांची बखर कोण लिहितो, असा शोध घेता अनुबोधपटकार श्री. आनंद पटवर्धन यांचे कार्य दृष्टीसमोर येते.

त्यांचा जन्म १९५० सालचा, मुंबईचा. स्वातंत्र्यलढ्यातील रावसाहेब व अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे चुलते. मातोश्री निर्मलाबाई सिंधमधील हैदराबादच्या. फाळणीने ते शहर परदेशात गेले. बिहारातील जयप्रकाशजींच्या आंदोलनावर त्यांनी केलेला 'क्रांती की तरंगें' हा पट आणीबाणीत लपूनछपून दाखवावा लागला. पुढे १९७८ साली राजबंद्यांविषयी 'जमीर के बंदी' आला.

त्यांच्या पटांची संहिता आगाऊ लिहिलेली नसते. लोक बोलतील ते टिपावयाचे व जुळवणी करताना त्यातूनच कथन उभे करावयाचे, ही त्यांची रीत. 'हमारा शहर' (१९८५) या पटात मुंबईतील झोपड्या पाडल्या जात असता एक स्त्री चित्रण करणाऱ्यांनाच खडसावते : गरिबांची चित्रे घेऊन गरिबांचे काय भले होणार? हा प्रसंग सहज कापता आला असता. त्यांनी तो ठेवला. (आमच्या जुन्या बखरकारांनी आपल्या धन्याविरुद्धचा शब्द असा क्वचितच ठेवला!) याच पटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी १९९७ साली, रमाबाई आंबेडकर नगरातील गोळीबारानंतर, प्राणत्याग केला. त्यावरून निघालेला 'जय भीम कॉम्रेड' पुरा होण्यास १४ वर्षे लागली.

आम्हां केळापूरकरांस मात्र सीमंतिनी धुरू यांच्यासह केलेली 'नर्मदा डायरी' (१९९५) अधिक जवळची वाटावी. सरदार सरोवराच्या बुडितात महाराष्ट्रातील ३३ गावे आली. अक्कलकुवा तालुक्यातील मणिबेली त्यांत पहिले. जागतिक बँकेने नेमलेल्या मोर्स समितीने १९९२ साली पुनर्वसनाचे वाभाडे काढले व १९९३ साली बँकेचे कर्ज थांबले. धरण तरीही बांधले गेले. परंतु तेथील माणसे आपला प्रश्न आपल्या तोंडाने मांडताना आजही पाहता येतात.

आपल्या तालुक्याच्या दक्षिणेस पैनगंगा आहे. तिच्यावरील निम्न पैनगंगा प्रकल्पास बाधित गावांनी वर्षानुवर्षे विरोध केला. त्या गावांत आपल्याही सोयरिकी आहेत. हल्ली प्रत्येक तरुणाच्या खिशात चित्रण करणारा फोन असतो. तेथील शिवार, पाणवठे, देवळे व वृद्धांचे बोलणे त्यांनी या उन्हाळ्यातच टिपून आणावे, आणि ती सामग्री मंडळाच्या कार्यालयात जपून ठेवण्याची तजवीज कार्यकारिणीने करावी, ही विनंती.